कोरफड, निवडुंग आणि त्यांची माती
(वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



मी सातवीपर्यंत शिकलेली. भाषणाची सवय नाही. पण मला कुंड्यांचा नाद, म्हणून कोरफड-निवडुंगाला माती कोणती घालावी ते सांगा, असा चिटणीसबाईंचा आग्रह झाला. तेव्हा माझी एक चूकच तुमच्यापुढे मांडते.

माझे माहेर कोकणात, सासर इथे सोलापुरात. पहिल्या माहेरपणाहून परतताना आईने परड्यातल्या कोरफडीची दोन पिल्ले फडक्यात बांधून दिली. मी हौसेने काळीभोर माती आणली, निम्मे शेणखत मिसळले, रोज तांब्याभर पाणी घातले. श्रावणात कोरफड मऊ पडली. मला वाटले, पाणी कमी पडते, आणखी घातले! शेजारच्या आजींनी कुंडी उपडी केली, तर आत चिखल आणि कुजलेली मुळे. एक बोटभर पिल्लू तेवढे शाबूत होते.

आजी म्हणाल्या, "अगं, ही झाडे पाणी अंगात साठवतात. मातीने साठवायचे नसते." कोकणातली तांबडी माती पाणी सोडून देते, आपली काळी धरून ठेवते, मग मुळांना हवा मिळत नाही.

तेव्हापासून माझे प्रमाण असे: बागेतली माती एक वाटा, जाड वाळू एक वाटा, विटांचे वाटाण्याएवढे तुकडे एक वाटा आणि चांगले कुजलेले जुने शेणखत मूठभर. वाळू चाळणीवर राहील तीच घ्यावी. बारीक वाळूने माती घट्ट बसते. समुद्राची वाळू खारट, ती नको. कुंडीला भोक हवेच, त्यावर खापरी ठेवावी. पेलाभर पाणी ओतून पाहावे; वर न तुंबता लगेच खालून गळू लागले, की माती जमली.

पिल्लू चार दिवस सावलीत सुकवून मग लावावे. आठवडाभर पाणी देऊ नये. पुढेही माती आतपर्यंत कोरडी झाल्यावरच द्यावे आणि पावसाळ्यात कुंडी वळचणीला घ्यावी.

आई आता नाही, परडेही परक्याचे झाले. पण त्या बोटभर पिल्लाची संतती माझ्या सात कुंड्यांत आहे. आज बारा पिल्ले आणली आहेत. हवी त्यांनी अवश्य न्यावीत. मात्र लाडाने नुसत्या काळ्या मातीत लावू नका, एवढीच विनंती.