नक्कल म्हणून हिणवण्याआधी

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या जपानी प्रायोगिक कलेचा विषय निघाला, की ‘अमेरिकेची नक्कल’ असा शिक्का मारून लोक मोकळे होतात. एवढी घाई बरी नव्हे.

नोव्हेंबर 1964, टोकियो. पुष्परचनेच्या सोगेत्सु घराण्याच्या कला केंद्रात अमेरिकन चित्रकार रॉबर्ट राउशेनबर्गला वीस प्रश्न विचारायचे ठरले होते. गडी बोलेचना! सोनेरी वर्खाचा घडीचा जपानी पडदा समोर घेऊन तो त्यावर बुटांसारख्या वस्तू अडकवत, रंग लावत राहिला. खाली चिनी मातीचं कुत्रंही आलं. तिथेच जपानी कलाकार उशिओ शिनोहारा हजर झाला, राउशेनबर्गच्याच ‘कोकाकोला प्लॅन’ या कलाकृतीची स्वतः केलेली प्रतिकृती घेऊन. कोकच्या तीन बाटल्या, बाजूंना पंख. छापील चित्रावरून केलेली.

अमेरिकन माणसाच्या हाताखाली जपानी पडदा, जपानी माणसाच्या हातात कोकच्या बाटल्या. आता कोणी कोणाचं उचललं म्हणायचं?

शेजारून चमचाभर विरजण आणलं, म्हणून दही शेजाऱ्याचं होत नाही. दूध आपलं, ऊब आपल्या घरची. दूध गार असलं तर विरजण कितीही चांगलं असो, दही लागत नाही. जपानने तर हे विरजण मागितलंही नव्हतं. 1945 ते 1952 अमेरिकन फौजच घरात होती, आणि तिच्याबरोबर जाझ आणि हॉलिवूड. जपानच्या शरणागतीच्या वेळी शिनोहारा 13 वर्षांचा होता.

हाच शिनोहारा 1960 च्या सुमारास डोक्यावर मोहॉक धाटणीचा केसांचा तुरा राखून, मुठींना कापड गुंडाळून, त्या शाईत बुडवून लोकांसमोर कागदावर ठोसे लगावायचा. अमेरिकन ॲक्शन पेंटिंग, म्हणजे अंगाच्या जोरकस हालचालींनी चित्र काढणं, त्याला ठाऊक होतं, पण कुंचला टाकून मूठ वळली ती त्याचीच. पुन्हा सांगायला हवं: विरजण बाहेरचं, दूध घरचं.

   

शिनोहारा 1969 मध्ये न्यूयॉर्कला गेला आणि तिथेच राहिला. ‘क्यूटी अँड द बॉक्सर’ हा 2013 सालचा माहितीपट मिळाला तर जरूर पाहा. त्यात ऐंशीच्या घरातला शिनोहारा अजून ठोसे मारताना दिसतो, आणि शेजारी त्याची चित्रकार पत्नी नोरिको आपलं वेगळंच काम करत असते.