आगकाड्या आणि अंकुर



चंदीगड हे नगर आधी कागदावर रेखले गेले आणि मग भूमीवर उभे राहिले. तेव्हा निर्जीव रेषेला चैतन्य देणाऱ्या कलेची कथा येथील श्रोत्यांना परकी वाटू नये.

ही कला छायाचित्रित चित्रपटाहूनही जुनी आहे. एमिल रेनो याने 28 ऑक्टोबर 1892 रोजी पॅरिसमध्ये हाताने रंगविलेली चित्रमालिका पडद्यावर हालती करून दाखविली. त्याच वर्षी कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन यांनी काचेवरील रंगीत चित्रांचे खेळ ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने सुरू केले. ल्यूमिएर बंधूंचे चित्रपट मुंबईत दाखविले गेले ते त्यानंतर, 7 जुलै 1896 रोजी.

भारतात कॅमेऱ्याच्या साहाय्याने हा चमत्कार घडविला तो दादासाहेब फाळके यांनी. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून 1912 साली ते लंडनला गेले आणि कॅमेरा घेऊन परतले. आता भांडवल हवे होते. परंतु देशात रुजलेल्याच नसलेल्या धंद्यात पैसा कोण घालणार? फाळके यांनी वाद घातला नाही. त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि महिन्याहून अधिक काळ रोपाची चित्रे टप्प्याटप्प्याने टिपली. पडद्यावर बीजाचे रोप पाहता पाहता झाले, आणि भांडवल देणाऱ्याची खात्री पटली. 3 मे 1913 रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला.

वाटाणा मात्र आपण होऊनच वाढत होता. 1915 च्या ‘आगकाड्यांची मौज’ या लघुपटात काड्यांना चालविणारा हात फाळके यांचाच होता. काडी किंचित सरकवावयाची, एक चित्र घ्यावयाचे, पुन्हा सरकवावयाची. सेकंदाला सोळा चित्रे धरली, तर एका मिनिटासाठी 960 चित्रे लागतात. फ्रान्समध्ये एमिल कोल याने 1908 सालीच काड्या नाचविल्या होत्या. तरीही येथील एकाकी कष्टांचे मोल त्यामुळे उणे होत नाही.

पुढे 1934 साली प्रभात कंपनीचा ‘जंबूकाका’ आला, आणि 1956 साली फिल्म्स डिव्हिजनने व्यंगपटांचा स्वतंत्र विभाग उघडला. फाळके यांच्या त्या काड्या मात्र आज पाहावयास मिळत नाहीत. निर्जीवाला चालविणारी ती फीतच नष्ट झाली. चित्रपट निर्माण करण्याइतकेच त्याचे जतन करणे हेही राष्ट्राचे कर्तव्य होय, हाच या इतिहासाचा बोध आहे.