तिच्या चित्रातली बाई

(कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेले भाषण)



आपल्या पोस्टरवरची बाई आठवा. एक तर गुडघ्यांत मान घालून बसलेली, नाही तर मूठ उगारलेली. दोन्ही खऱ्याच आहेत. पण जिला कंटाळा येतो, हसू येतं, कुणीतरी आवडतं, ती बाई कुठे गेली? ती मला मिखाएला पाव्लातोवा या चेक अ‍ॅनिमेशनकार बाईंच्या चित्रपटांत भेटली.

पाव्लातोवांचा जन्म १९६१ सालचा, प्रागचा. शिक्षणही तिथल्याच कला अकादमीत. १९९१ साली त्यांनी ‘बोलणी, बोलणी, बोलणी’ हा छोटा चित्रपट केला. एका कॅफेत माणसं बोलत बसली आहेत. पण तोंडातून शब्दांऐवजी रंग आणि आकार बाहेर पडतात. कोण कुणाला बोलू देत नाही, हे अक्षरओळख नसलेल्या बाईलाही कळेल. या चित्रपटाला ऑस्करचं नामांकन मिळालं.

१९८९च्या सत्तांतरानंतर चेक अ‍ॅनिमेशनचा सरकारी आधार आटला. पाव्लातोवा एकाच चौकटीत अडकून राहिल्या नाहीत. काही काळ त्यांनी अमेरिकेत, सॅन फ्रान्सिस्कोत काम केलं. ‘नेवेर्ने ह्री’ (२००३) हा नटनट्यांचा पूर्ण लांबीचा चित्रपट दिग्दर्शित केला. पुढे त्या प्रागच्या फिल्म अकादमीत अ‍ॅनिमेशन शिकवू लागल्या.

२०१२ साली ‘ट्राम’ आला. अंगाने भरलेली एक ट्रामचालक बाई. रोज तोच मार्ग, चढणारे तेच करडे पुरुष. ट्रामच्या खडखडाटाच्या लयीत तिच्या मनात कामवासना जागी होते आणि सगळं जग रंगीत होतं. तिला कुणी शिक्षा करत नाही, कुणी हसत नाही. फ्रान्समधल्या अनेसी महोत्सवात या चित्रपटाला लघुपटांचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं.

‘माझा सूर्य माद’ (२०२१) हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट, पेत्रा प्रोखाझ्कोवा या पत्रकार बाईंच्या कादंबरीवरचा. हेरा ही चेक मुलगी अफगाण तरुणाशी लग्न करून काबूलला जाते. त्या घरात मारहाण आहे, बंधनं आहेत. तशीच थट्टा आहे, माया आहे. ‘बिचाऱ्या अफगाण बायका’ असा सूर चित्रपट लावत नाही, आणि अन्यायावर पांघरूणही घालत नाही. जून २०२१मध्ये त्याला अनेसीत ज्युरी पारितोषिक मिळालं. ऑगस्टमध्ये काबूल पुन्हा तालिबानच्या ताब्यात गेलं.

कुणी म्हणेल, जिथे जिवावर बेतलंय तिथे इच्छेच्या गोष्टी कशाला? माझं म्हणणं उलट आहे. केंद्रात बाई आली की आपण विचारतो, कोण मारतो, कधीपासून, पोलिसांत गेलीस का? हे विचारायलाच हवं. पण ‘तुला काय हवंय?’ याला आपल्या अर्जात रकाना नाही. जिच्या इच्छेची कुठे नोंदच होत नाही, तिच्यासाठी निर्णय दुसरेच घेतात. कधी नवरा घेतो, कधी सासर घेतं, कधी आपली संस्थाही.

तेव्हा पुढचं पोस्टर करायला बसू, तेव्हा आधी वस्तीतल्या बायकांच्या हाती रंग देऊ या. त्यांना काय काढायचंय ते त्यांनाच ठरवू दे.