अर्ज मागे घेण्यापूर्वी

(पंचायत सदस्य व शिक्षक यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)



जप्त झालेला माल आणि सरकारजमा झालेला माल यांत आपण सहसा फरक करीत नाही. वास्तविक जप्ती म्हणजे केवळ ताबा घेणे. माल सरकारजमा झाला की त्यावरील मालकीच संपुष्टात येते. जीवनावश्यक वस्तू अधिनियम, १९५५ च्या कलम ६-अ अन्वये हा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. मात्र कलम ६-ब प्रमाणे लेखी नोटीस व सुनावणीची संधी दिल्याखेरीज तो वापरता येत नाही. आदेश मान्य नसल्यास तो कळविला गेल्यापासून एक महिन्याच्या आत अपील करता येते.

आता एक प्रसंग डोळ्यांपुढे आणा. शिधावाटपाचा तांदूळ नेणारा ट्रक पकडला जातो. तांदळाबरोबर ट्रकही सरकारजमा होतो. मालक अपील न करता घाईने उच्च न्यायालयात रिट अर्ज दाखल करतो. 'अपिलाचा मार्ग खुला असताना येथे का आलात?' अशी तेथे विचारणा होते आणि अर्ज मागे घेतला जातो. येथवर फारसे बिघडलेले नसते. परंतु अपील करण्याची मुभा मागून घेतलेली नसते, मालक घरी येऊन स्वस्थ बसतो, आणि मुदत उलटून जाते.

स्वतःला, मुखत्याराला व चालकाला गैरवापराची माहिती नव्हती आणि सर्वांनी योग्य ती खबरदारी घेतली होती, असे सिद्ध झाल्यास वाहन सरकारजमा करता येत नाही. ट्रकमालकाची ही बाजू कदाचित खरीही असेल. पण ती कोणी ऐकतच नाही!

पुन्हा रिट अर्ज करू म्हटले, तरी वाट मोकळी नसते. नव्याने अर्ज करण्याची परवानगी न घेता मागे घेतलेला रिट अर्ज त्याच कारणासाठी पुन्हा करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात स्पष्ट केले आहे. चुकीच्या न्यायालयात सद्‌भावनेने घालविलेल्या काळाची सवलत मुदत अधिनियम, १९६३ च्या कलम १४ च्या आधारे मागता येते. पण ती मागावी लागते, आपोआप मिळत नाही.

'अर्ज मागे घ्या, माल सुटेल,' असे सांगणारे मध्यस्थही भेटतात. त्यांच्यावर विसंबू नये. अर्ज मागे घेतल्याने सरकारजमा झालेला माल परत मिळत नाही आणि फौजदारी खटलाही थांबत नाही. उलट, खटल्यात निर्दोष सुटका झाल्यास माल, अथवा तो देणे शक्य नसल्यास व्याजासह किंमत, देण्याची तरतूद कलम ६-क मध्ये आहे.

चूक झाली असेल, तर ती मान्य करून वाद संपविण्यात कमीपणा नाही. मात्र तो निर्णय समजून-उमजून घेतलेला असावा.

गावात न्यायालयाचा कागद आला की तो प्रथम गुरुजींकडे किंवा सरपंचांकडे वाचायला येतो. त्या वेळी तीन गोष्टी अवश्य विचारा : आदेश कोणत्या तारखेला मिळाला? अपिलाची मुदत किती उरली? अर्ज मागे घेताना कोणती मुभा मागितली? एवढ्या विचारपुशीने एखाद्याचे उपजीविकेचे साधन वाचले, तरी आजच्या वर्गाचे सार्थक झाले असे मी मानीन.