निवाडा ओळन् ओळ वाचा
(कामगार मेळाव्यात केलेले भाषण)



गिरणी कामगारांच्या सभेत जमिनीच्या मोबदल्याचं काय काढलं, असं कुणी विचारील. पण आपलं एक पाऊल साच्यापाशी असलं, तरी दुसरं गावच्या बांधावर आहे. गावाकडून भाऊ विचारतो, "दादा, जमीन सरकार घेतंय, सही करू का?" त्याला द्यायला आपल्यापाशी उत्तर पाहिजे.

आधी एक जुनं देणं सांगतो. या नगर जिल्ह्यातल्या पारनेरला १८८० साली पांडुरंग महादेव बापट जन्मले. तेच सेनापती बापट. १९२१ साली मुळशी खोऱ्यात टाटांच्या वीजधरणासाठी सरकारने कायद्याच्या बळावर शेतकऱ्यांच्या जमिनी घेतल्या, तेव्हा मावळे सत्याग्रहाला बसले आणि बापट त्यांचे सेनापती झाले. तुरुंगात गेले. मोबदला कागदोपत्री मालकाला होता. पुष्कळ जमिनी सावकारांकडे गहाण पडलेल्या, त्यामुळे सावकार मोबदल्याला राजी झाले आणि कसणारा मावळा उघड्यावर पडला. १९२४ साली लढा मोडला. १९२७ पासून भिऱ्याची वीज सुरू झाली. अशा विजेवर मुंबईच्या गिरण्यांचे साचे फिरले, आणि त्या साच्यांवर आपलेच आजे-पणजे राबले. शेतकऱ्याच्या जमिनीचा प्रश्न आपला नाही, असं आपण कोणत्या तोंडाने म्हणावं?

आम्ही धरणाच्या विरुद्ध नाही, रस्त्याच्या विरुद्ध नाही. मुळा धरणाच्या पाण्याने राहुरी-नेवाशाची रानं भिजली, हे आम्हांला दिसतं. आमचं म्हणणं एवढंच, की सगळ्यांच्या सोयीची किंमत एकट्याच्या सातबाऱ्यावर वसूल करू नका.

आता हिशेब बघा. जायकवाडीची पायाभरणी १९६५ साली झाली. त्या जलाशयात शेवगाव-नेवासे तालुक्यांची जमीन गेली. तेव्हा कायदा इंग्रजांचा, १८९४ चा. बाजारभाव आणि वर शेकडा १५ दिलासा. १९८४ साली दिलासा शेकडा ३० झाला. १ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा आला, त्यात दिलासा शेकडा १०० आहे. हे कुणी दान म्हणून दिलेलं नाही, देशभरच्या शेतकऱ्यांनी भांडून मिळवलं आहे.

पण शंभर टक्के कशाचे? मेख इथंच आहे. खेड्यातल्या जमिनीच्या भावाला एक ते दोन यांमधला गुणांक लावतात आणि तो सरकार ठरवतं. समजा, एकराचा भाव १० लाख निघाला आणि विहीर-झाडांचे २ लाख झाले. गुणांक दोन असेल तर २० आणि २ मिळून २२, त्यावर तेवढाच दिलासा, म्हणजे ४४ लाख. गुणांक एक असेल तर १० आणि २ मिळून १२, दिलाशासह २४ लाख. जमीन तीच, विहीर तीच, आणि एका आकड्यात २० लाख गेले!

दुसरी मेख खरेदीखतांची. कायदा आसपासची मागच्या तीन वर्षांची खतं बघतो आणि त्यांतल्या चढ्या भावाच्या निम्म्या खतांची सरासरी काढतो. पण मुद्रांक वाचवायला लोक खतात भाव कमी लिहितात. आज वाचवलेले चार पैसे उद्या साऱ्या शिवाराचा भाव पाडतात. तिसरी मेख सातबाऱ्याची. पाणी पाजून ऊस काढता, पण पीकपाहणीत नोंद नाही, विहीर चढवलेली नाही. मग बागायत जमीन जिरायत म्हणून जाते.

बंधूंनो, पगाराची चिठ्ठी हातात पडली की आपण काय करतो? हजेरी किती, तागे किती, कापले किती, ओळन् ओळ बघतो. चूक असली तर एकटे भांडत नाही, युनियनला सांगतो. निवाडा ही शेतकऱ्याची चिठ्ठीच आहे, आणि ती जन्मात एकदाच मिळते. म्हणून गावाकडच्या भावाला हे सांगा:

मोजणीच्या दिवशी शेतात हजर राहा. झाड, विहीर, पाइपलाइन लिहून घेतल्याशिवाय सही करू नका.

गुणांक कोणता, खतं कोणती धरली, हे लेखी मागा.

पैसे घ्यायचे असतील तर "रक्कम मान्य नाही, हरकत राखून घेतो" असं लिहूनच घ्या. मुकाट्याने घेतले तर वाढीव मागण्याचा हक्क जातो.

निवाड्याच्या वेळी हजर असाल तर दाद मागायला सहाच आठवडे आहेत. महामार्गाच्या जमिनीची वाट वेगळी, तिथं लवादाकडे जावं लागतं.

शेजाऱ्याला वाढीव मिळाले आणि तुम्ही अर्जच केला नव्हता, तरी त्या निकालापासून तीन महिन्यांत तुम्हांलाही मागता येतं.

आणि ज्याच्या नावावर काहीच नाही, त्याला विसरू नका. तीन वर्षं तिथं राबणारा वाटेकरी आणि शेतमजूर यांना नवा कायदा बाधित कुटुंब मानतो. मुळशीच्या मावळ्याला हे मिळालं नव्हतं. गावच्या यादीत त्यांची नावं आली का, हे आपणच बघायचं.

शेवटी भाषेचं. १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला, त्यासाठी १०६ हुतात्मे झाले. त्यांत गिरणी कामगारांचं रक्त आहे. सेनापती बापटही त्या लढ्यात उतरले होते. राज्य मिळालं, १९६४ साली राजभाषेचा कायदा झाला. पण हाती येणाऱ्या निवाड्याची मराठी ज्याची जमीन गेली त्यालाच कळत नाही, मग ती कुणाची मराठी? बेळगावच्या मराठी शेतकऱ्याला तर सरकारी कागद मराठीत मिळावा म्हणून आजही झगडावं लागतं. आपल्या भाषेचं राज्य म्हणजे नुसती पाटी नव्हे. आपल्या जमिनीचा हिशेब आपल्याला वाचता यावा आणि चुकला तर दुरुस्त करून घेता यावा, ते आपलं राज्य!

भाव एकट्याने मान्य केला तर तो सरकारचा, गावाने मिळून ठरवला तर तो आपला. घरी जाल तेव्हा हे चोपडं गावाकडं नेऊन पारावर मोठ्याने वाचा.

कामगार-शेतकरी एकजुटीचा विजय असो!
जय महाराष्ट्र!