स्वागताध्यक्षांचे भाषण



मुसलमान कुळात जन्मलेल्या शेख महंमदांनी सतराव्या शतकात ज्या कसब्यात राहून मराठी ओवीत ‘योगसंग्राम’ रचला, आणि शिंदे सरकारच्या जहागिरीची साक्ष देणारे वाडे जेथे अद्याप उभे आहेत, त्या श्रीगोंद्याच्या वतीने मी या संमेलनास आलेल्या आपणां सर्व पटकथालेखक, निर्माते व रसिकांचे अंतःकरणपूर्वक स्वागत करतो.

चित्रपटाचा व्यवसाय मुंबई-पुण्याचा, आणि आपण केवळ त्याचे प्रेक्षक, अशी आमच्या मुलखाची दीर्घकाळ समजूत होती. ती दूर केली याच तालुक्यातील गव्हाणवाडीच्या भाऊराव कऱ्हाडे यांनी. वनखात्याकडे गेलेल्या जमिनीसाठी न्यायालयाचे उंबरठे झिजवणारा रघू कऱ्हे आणि मेंढरे घेऊन गावोगाव फिरणारे त्याचे धनगर कुटुंब यांची कथा त्यांनी स्वतः लिहिली. ती पडद्यावर आणण्यासाठी वडिलोपार्जित जमीन विकली. आणि लेखन, निर्मिती व दिग्दर्शन या तिन्ही जबाबदाऱ्या शिरावर घेऊन ‘ख्वाडा’ सिद्ध केला. बासष्टाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत त्यांच्या दिग्दर्शनाचा विशेष उल्लेख झाला आणि ध्वनिमुद्रणासाठी महावीर सब्बनवाल यांचा गौरव झाला. २०१५ च्या ऑक्टोबरात चित्रपट प्रदर्शित झाला, तेव्हा आमच्या माळरानाची बोली, तिच्यातील रोखठोकपणासह, कोणत्याही शहरी संस्काराची याचना न करता महाराष्ट्राने ऐकली.

या पराक्रमाचा आम्हांस अभिमान आहे. परंतु अभिमानाने आमचे कर्तव्य संपत नाही. शेतकऱ्याच्या मुलास आपल्या समाजाचे दुःख सांगण्यासाठी खरेदीखतावर सही करावी लागावी, ही त्याच्या निष्ठेची थोरवी असली तरी आमच्या व्यवस्थेची उणीव आहे. आमच्या ज्या जिल्ह्याने प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना उभारून शेतकऱ्याच्या भागभांडवलाचे सामर्थ्य देशास दाखविले, त्या जिल्ह्यास यावरील उपाय नवा वाटू नये. गुजरातेतील पाच लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन १९७६ साली ‘मंथन’ हा चित्रपट निर्माण केला, आणि त्याची पटकथा आपल्या विजय तेंडुलकरांच्या लेखणीतून उतरली, हे उदाहरण डोळ्यांसमोर असताना आमच्या कारखान्यांनी, पतसंस्थांनी आणि महाविद्यालयांनी स्वतंत्र पटकथाकारांसाठी एक सामाईक निधी उभारणे मुळीच अशक्य नाही. मात्र निधी देणाऱ्याने कथेवर हुकमत गाजवू नये. कारण ज्या कथेला गावातील अन्याय दाखविण्याची मुभा नाही, ती गावाची कथा म्हणविण्यास पात्र नाही.

या संमेलनात अशा निधीचा मसुदा तयार व्हावा, ही स्वागत समितीची आपणांस नम्र विनंती आहे. उद्या एखादी ऊसतोडणी कामगाराची कन्या आपली संहिता घेऊन पुढे आली, तर तिला विकण्यासाठी जमीनही नसेल. तिच्यासाठी ही तजवीज आजच झाली पाहिजे.