डिग्री झाली, पुढं काय?
(चामोर्शी येथे पदवीच्या विद्यार्थ्यांसमोर केलेले भाषण)

मित्रांनो, आणि मागं भिंतीला टेकून उभ्या असलेल्या पोरींनो,

हारतुरे झाले. आता कामाचं बोलू. तुम्ही बी. ए. ला का आलात? मी जिथं जातो तिथं हे विचारतो. उत्तर ठरलेलं : "सर, इथं तेच होतं." म्हणजे विषय आपण निवडला नाही, विषयानंच आपल्याला गाठलं! २०११ मध्ये गडचिरोलीला गोंडवाना विद्यापीठ झालं. त्याआधी साध्या कागदासाठी आम्ही नागपूर गाठायचो. विद्यापीठ दाराशी आलं, चांगलंच झालं. पण म्हणून उंबरठा ओलांडायचाच नाही? २०२२ पासून केंद्रीय विद्यापीठांचे प्रवेश सीयूईटी या सामाईक परीक्षेतून होतात, एम. ए. चेसुद्धा. वर्धा, हैदराबाद, दिल्ली. तिथं आपल्या राखीव जागा आहेत. फॉर्म कोण भरणार?

कोनसरीकडे बघा. आपलाच तालुका. एटापल्लीतल्या सुरजागडचं लोहखनिज तिथल्या कारखान्यात येतं. आपण मात्र गेटवर चिठ्ठी घेऊन उभे! गेटवर उभं राहायला डिग्री लागत नाही. आत खाणकाम, धातुशास्त्र, हिशेब, कायदा जाणणारे बसतात. बारावीला विज्ञान घेतलेल्यानं इंजिनिअरिंगच्या डिप्लोम्याची चौकशी तरी केली का? बी. ए. वाल्यानं पुढं तीन वर्षं कायदा का करू नये? १९९६ चा पेसा, २००६ चा वनहक्क कायदा नीट वाचता येणारा वकील या जिल्ह्याला इंजिनिअरइतकाच लागतो.

स्पर्धा परीक्षा द्या, मी नको म्हणत नाही. पण मागासवर्गीयांना एमपीएससीची वयोमर्यादा ४३ आहे म्हणून ४३ पर्यंत खोली भाड्यानं घेऊन बसायचं? माय रोवण्याला जाते, मजुरी पाठवते. किती वर्षं देणार ते आजच ठरवा, वहीत लिहा. आणि गाईडं फेका. बाबासाहेबांच्या लंडनच्या प्रबंधात परीक्षकांनी बदल सांगितले, तो त्यांनी सुधारून परत दिला, तेव्हा १९२३ मध्ये डी. एस्सी. मिळाली. गाईड वाचून असलं काम होत नाही.

आता कागदपत्रं. हसू नका, आपली पोरं इथंच मार खातात. घरचं उत्पन्न वर्षाला अडीच लाखांच्या आत असेल तर भारत सरकारची शिष्यवृत्ती. त्यावर गेलं तरी फ्रीशिप आहे, फी माफ होते. हे कित्येकांना ठाऊकच नसतं. एका कॉलेजच्या खिडकीवर मलाही "तुझं काही बसत नाही" म्हणून परत धाडलं होतं. खिडकीवाल्याचं ऐकू नका, नियम मागा.

आणि जात पडताळणी. अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा मागतात. बाबासाहेबांनी चांद्याला दीक्षा दिली १६ ऑक्टोबर १९५६ ला. म्हणजे जुन्या कागदावर महार, नंतरच्यावर बौद्ध. दोन्ही जपा, घाबरू नका. केंद्रानंही १९९० मध्ये बौद्धांना अनुसूचित जातीत धरलं. आजा शाळेतच गेला नसेल तर दाखल-खारीज कुठून आणणार? तेव्हा कोतवाल बुकातली जन्ममृत्यूची नोंद शोधा. तहसीलच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज द्या. दिवाळीच्या सुट्टीनंतर लगेच जा. प्रवेशाच्या तोंडावर गेलात तर बाबू म्हणणार, उद्या या.